संमती आणि संवाद : अर्नाळा-वसई परिसरातील ख्रिस्ती विवाहाची भाषा

१

विवाहसंस्थेचा इतिहास लिहिताना विधी, कायदा आणि नातेव्यवस्था या तीन अंगांकडे अभ्यासकांचे लक्ष सहसा जाते. विवाहाच्या भाषेकडे, म्हणजे त्या प्रसंगी कोण काय बोलते, कोणत्या भाषेत बोलते, आणि पुढे त्या दोघांमध्ये आयुष्यभर कोणते बोलणे चालते, या प्रश्नाकडे ते क्वचितच वळते. प्रस्तुत लेखात या अंगाने उत्तर कोकणातील, विशेषतः अर्नाळा, आगाशी, नंदाखाल व वसई या टापूतील रोमन कॅथलिक विवाहाचा विचार करावयाचा आहे.

हा विषय भाषाभ्यासकाला महत्त्वाचा वाटण्याचे कारण कॅथलिक विवाहाच्या घडणीतच आहे. हिंदू विवाहात सप्तपदीचे सातवे पाऊल पडले म्हणजे विवाह पूर्ण झाला असे मानतात. रोमन कॅथलिक धर्मविचाराप्रमाणे तो पूर्ण होतो वधूवरांनी एकमेकांना दिलेल्या संमतीने. धर्मगुरू हा तेथे चर्चच्या वतीने साक्षी असतो. हा संस्कार वधूवर स्वतःच एकमेकांना देतात. संमती व्यक्त झाली नाही, तर मंडप, मेजवानी आणि आशीर्वाद यांपैकी कशानेही विवाह होत नाही. आणि ती एकदा व्यक्त होऊन संसार सुरू झाला, की मृत्यूखेरीज तो संबंध मोडत नाही. एका शब्दावर उभ्या आयुष्याचा भार टाकणाऱ्या या व्यवस्थेत त्या शब्दाच्या पाठीशी दुसरे कोणते बोलणे उभे असते, हा प्रश्न म्हणूनच केवळ तात्त्विक ठरत नाही. विच्छेदाची वाट बंद असली म्हणजे दुरावलेल्या पतिपत्नींना अबोल्याची वाट तेवढी मोकळी राहते. टिकाऊ विवाह आणि टिकाऊ प्रेम या दोहोंतील अंतर नेमके येथे पडते.

संमती क्षणाची असते; संवाद वर्षानुवर्षांचा असतो. पहिलीची काळजी चर्चने आरंभापासून घेतली. दुसऱ्याची काळजी दीर्घकाळ घराने, नातलगांनी आणि गावाने वाहिली. या दोन गोष्टी एकमेकींजवळ कशा आल्या, आणि त्या जवळ येत असताना घरची बोली मागे कशी पडू लागली, हे दाखविणे हा या लेखाचा उद्देश आहे.

२

अर्नाळा हे वैतरणा नदीच्या मुखाशी वसलेले गाव. समोरच्या बेटावर किल्ला आहे. या बेटाला पोर्तुगीज ‘गायींचे बेट’ म्हणत. गुजरातचा सुलतान बहादूरशाह याने १५३४ च्या तहाने वसई पोर्तुगीजांना दिली आणि तेव्हापासून या किनाऱ्यावर ख्रिस्ती धर्माचा प्रसार होऊ लागला. नंदाखालच्या पवित्र आत्म्याच्या चर्चची स्थापना १५७३ ची. मराठ्यांनी १७३७ मध्ये अर्नाळ्याचे बेट घेतले आणि १७३९ च्या मे महिन्यात चिमाजी आप्पांनी वसई जिंकली. पोर्तुगीज सत्ता गेली, परंतु ख्रिस्ती समाज येथेच राहिला, आणि पुढे मुख्यतः गोव्याकडून आलेल्या एतद्देशीय धर्मगुरूंनी त्याची धार्मिक व्यवस्था सांभाळली. १८८६ मध्ये हा प्रदेश दमण धर्मप्रांतात आला, १९२८ मध्ये मुंबईच्या महाधर्मप्रांतात गेला, आणि १९९८ मध्ये वसईचा स्वतंत्र धर्मप्रांत झाला.

या राजकीय व धार्मिक स्थित्यंतरांत एक गोष्ट बदलली नाही. ती म्हणजे येथील ख्रिस्ती समाजाची घरची भाषा. गोव्यातील उच्चभ्रू ख्रिस्ती कुटुंबांप्रमाणे ती पोर्तुगीज झाली नाही. ती मराठीचीच एक बोली राहिली. ग्रिअर्सनच्या भाषिक सर्वेक्षणाच्या १९०५ साली निघालेल्या मराठीविषयक खंडात ठाणे जिल्ह्याच्या किनाऱ्यावरील बोलींमध्ये किरिस्ताव, सामवेदी, वाडवळ, मांगेली या नावांनी स्वतंत्र नोंदी आहेत. सामवेदी अथवा कादोडी ही बोली सामवेदी ब्राह्मण आणि कुपारी ख्रिस्ती या दोन्ही समाजांत आजही बोलली जाते. धर्म बदलला, पण बोली दोन्हीकडे एकच राहिली, याचे इतके स्पष्ट उदाहरण मराठी प्रदेशात विरळाच सापडेल. तेव्हा या समाजातील विवाहाचा विचार करताना एका बाजूला चर्चची भाषा आणि दुसऱ्या बाजूला बोली अशी दुहेरी रचना प्रथमपासून गृहीत धरावी लागते.

३

चर्चच्या भाषेत विवाहाला जे रूप आले, ते ट्रेंट येथील धर्मपरिषदेच्या ११ नोव्हेंबर १५६३ च्या निर्णयाने. त्यापूर्वी साक्षीदाराविना दिलेल्या वचनांनीही विवाह होत असे, आणि पुढे एका पक्षाने वचन नाकारले म्हणजे दुसऱ्याला, बहुधा स्त्रीला, ते सिद्ध करता येत नसे. परिषदेने ठरविले, की विवाहापूर्वी चर्चमध्ये तीनदा जाहीर घोषणा व्हावी, आणि पॅरिशचा धर्मगुरू व दोन किंवा तीन साक्षीदार यांच्यासमक्ष संमती दिली जावी. या निर्णयातील आणखी दोन कलमे लक्षात घेण्याजोगी आहेत. आईवडिलांच्या संमतीविना झालेला विवाह अनिष्ट असला तरी त्याच कारणाने तो अवैध ठरत नाही, असे एक कलम सांगते. सरदार व अधिकारी यांनी आपल्या सत्तेखालील लोकांवर विवाहासाठी बळजबरी करू नये, असे दुसरे बजावते. सोयरीक वडीलधाऱ्यांनी जुळविण्याच्या आपल्या समाजात ही व्यवस्था आली, तेव्हा तिने सोयरीक मोडली नाही. परंतु सोयरीक जुळल्यानंतरही मुलीला चारचौघांत, स्वतंत्रपणे, एकदा विचारले गेलेच पाहिजे, असा दंडक घातला.

तिला काय विचारले जाई, हे १६१४ च्या रोमन विधिग्रंथावरून समजते. धर्मगुरू प्रथम वराला आणि मग वधूला नावाने हाक मारून विचारतो, की समोर उपस्थित असलेल्या अमुक व्यक्तीचा चर्चच्या रीतीप्रमाणे स्वीकार करण्याची तुझी इच्छा आहे काय. उत्तर एकाच क्रियापदाचे : ‘व्होलो’, म्हणजे ‘इच्छितो’ किंवा ‘इच्छिते’. भाषाभ्यासकाच्या दृष्टीने या विधीत एक मोलाची तरतूद आहे. सर्व विधी लॅटिनमध्ये असताना हा प्रश्न मात्र लोकभाषेत विचारावा, असे विधिग्रंथ सांगतो. कारण उघड आहे : न समजलेल्या प्रश्नाला दिलेला होकार ही संमती नव्हे. लॅटिनच्या भिंतीत बोलीसाठी ठेवलेली ही एक खिडकी होती.

या खिडकीचा उपयोग करावयाचा, तर धर्मगुरूला लोकांची भाषा येणे अवश्य होते, आणि त्या दिशेने झालेले प्रयत्न आपल्या परिचयाचे आहेत. थॉमस स्टीफन्सचे ख्रिस्तपुराण १६१६ साली गोव्यात रायतूर येथे छापले गेले. त्याने लिहिलेले व्याकरण त्याच्या मृत्यूनंतर १६४० मध्ये प्रसिद्ध झाले. उत्तर कोकणच्या बोलीचेही एक व्याकरण सतराव्या शतकात एका पोर्तुगीज मिशनऱ्याने रचले होते. ते कुन्य रिव्हारा यांनी १८५८ मध्ये गोव्यातून प्रकाशात आणले. फ्रान्सिश्कु व्हाझ द गिमराइंश या फ्रान्सिस्कन साधूचे ख्रिस्ताच्या दुःखसहनावरील मराठी पुराण १६५९ चे आहे. ही सर्व ग्रंथरचना धर्मोपदेशासाठी झाली. परंतु ज्या भाषेत पापनिवेदन ऐकावयाचे आणि ज्या भाषेत लग्नाचा प्रश्न विचारावयाचा ती भाषा शिकण्याची निकडही तिच्यामागे होती, हे विसरता येणार नाही.

४

भाषा आणि विवाह यांचा संबंध उलट्या दिशेने कसा वापरला जाऊ शकतो, याचे उदाहरण गोव्यात घडले. १६८४ मध्ये व्हाइसरॉयने स्थानिक भाषा सोडून पोर्तुगीज बोलण्याचा हुकूम काढला. १७३६ मध्ये धर्मसमीक्षण सभेने, म्हणजे इन्क्विझिशनने, ख्रिस्ती लोकांच्या लग्नात ओव्या गाणे, हळद लावणे, पानविडे देणे यांसारख्या चालींवर बंदी घातली. या आज्ञापत्रांची चर्चा अ. का. प्रियोळकर यांनी सविस्तर केली आहे. पुढे १७४५ मध्ये गोव्याच्या आर्चबिशपने याहून पुढचे पाऊल टाकले : ठराविक मुदतीत पोर्तुगीज न शिकणाऱ्यांना विवाहाची परवानगी देऊ नये असे फर्माविले. ब्राह्मण व चारडो यांना त्याने सहा महिन्यांची, इतरांना एक वर्षाची मुदत दिली.

या दोन टोकांमधील विसंगती मननीय आहे. १६१४ चा विधिग्रंथ म्हणतो, की विवाहाचा प्रश्न वधूवरांना समजेल अशा भाषेत विचारा; १७४५ चा हुकूम म्हणतो, की आमची भाषा शिकल्यावाचून विवाहच करू नका. एकात भाषा संमतीची दासी आहे, दुसऱ्यात संमती भाषेची ओलीस झाली आहे. हा हुकूम निघाला तेव्हा वसई पोर्तुगीजांच्या राजकीय सत्तेबाहेर गेल्याला सहा वर्षे झाली होती, आणि असला हुकूम अमलात आणणारी शासनयंत्रणा या किनाऱ्यावर उरली नव्हती. वसईच्या ख्रिस्ती लग्नांत ‘उंबराचं पाणी’, हळद, बायकांची गाणी या गोष्टी टिकल्या, आणि त्यांच्याबरोबर बोलीही टिकली. इतिहासाच्या अपघाताने का होईना, येथील दांपत्याला आपल्या घरच्या भाषेत नांदण्याची मोकळीक मिळाली.

५

चर्चमधील त्या एका होकारानंतर घरात कोणते बोलणे चालत असे? याचे उत्तर विधिग्रंथात मिळत नाही. ते कामधंद्याच्या रचनेत शोधावे लागते. अर्नाळ्याचा किनारा मासेमारीचा. पुरुषाने होडी समुद्रात न्यावयाची, म्हावरे आणावयाचे. आणि किनाऱ्याला लागल्यावर ते निवडणे, वलांडीवर बोंबील वाळविणे, बाजारात नेऊन विकणे हे काम बाईचे. पैसा प्रथम येतो तो तिच्या हातात. पाठीमागे आगाशी-नंदाखालच्या केळीच्या, पानवेलीच्या आणि फुलांच्या वाड्या. आगाशीची सुकेळी प्रसिद्धच आहेत. तेथेही लागवड घरच्या सर्वांची आणि विक्रीत बाईचा वाटा मोठा. १८६७ मध्ये विरारपासून मुंबईपर्यंत आगगाडी धावू लागली आणि हा बाजार मुंबईच्या मंडयांपर्यंत पसरला.

अशा संसारात पतिपत्नींचे बोलणे मुख्यतः हिशेबाचे असते : किती आले, काय भावाने गेले, डिझेलचे वा खलाशांचे किती द्यावयाचे, जाळे विणावयाचे की नवे घ्यावयाचे. हे बोलणे रुक्ष वाटेल. परंतु त्यात एक समता आहे. ज्या स्त्रीला भाव ठाऊक आहे, तिला विचारल्यावाचून निर्णय करता येत नाही. पांढरपेशा कुटुंबातील स्त्रीला बोलण्याचा जो अधिकार शिक्षणाने मिळवावा लागला, तो मासळीच्या पाटीने आणि वाडीच्या टोपलीने या स्त्रीला आधीच दिला होता.

मात्र या बोलण्याला सीमा होत्या. सर्वसाधारण मराठी समाजाप्रमाणे येथेही नवऱ्याचे नाव घेण्याचा संकोच होता. ‘अहो’, ‘अगो’ किंवा मुलाच्या नावावरून केलेला उल्लेख एवढ्यावर वर्षे निघत. मनातला सल उघड करावयाचा तो जात्यावरच्या ओवीत, लग्नातल्या गाण्यात, माहेरी, किंवा जावेजवळ. म्हणजे भांडण पतीशी आणि निवेदन तिसऱ्याशी, अशी ती रचना होती. एकत्र कुटुंब आणि गाव जवळ होते तोवर हा तिसरा श्रोता मध्यस्थीही करीत असे. त्यामुळे दोघांतील अबोला पुष्कळदा दोघांपुरता राहत नसे. ही व्यवस्था आदर्श होती असे म्हणण्याचे कारण नाही. या मध्यस्थीने दडपलेली दुःखेही असणारच. परंतु संवादाचा काही भार तिने उचलला होता, हे मान्य केले पाहिजे.

६

पतिपत्नींनी तिसऱ्याच्या मध्यस्थीवाचून एकमेकांशी मनातले बोलावे, हा विचार लिखित मराठीत प्रथम ठळकपणे मांडला गेला तो वसईच्या किनाऱ्यावर नव्हे, तर मुंबई-पुण्याकडील प्रॉटेस्टंट ख्रिस्ती लेखनात. बाबा पदमनजींचे ‘यमुनापर्यटन’ १८५७ साली निघाले. विधवांच्या स्थितीचे चित्रण म्हणून या कादंबरीची चर्चा होते. पण तिच्या रचनेचा कणा यमुना आणि विनायक या जोडप्याचा प्रवास व त्या प्रवासातील संभाषण हा आहे. पती-पत्नी एकत्र फिरतात, पाहिलेल्या गोष्टींवर बोलतात, धर्माविषयी एकमेकांना विचारतात : मराठी गद्यात हे दृश्य तेव्हा नवे होते.

कादंबरीत जे सोपे होते ते जीवनात किती कठीण ठरले, हे लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’वरून कळते. नारायण वामन टिळकांनी १० फेब्रुवारी १८९५ रोजी बाप्तिस्मा घेतला. त्यानंतर काही वर्षे पतिपत्नींची ताटातूट झाली; पुढे लक्ष्मीबाई त्यांच्याकडे परत आल्या आणि १९०० मध्ये त्यांनी स्वतःच्या विचाराने धर्मांतर केले. या काळात पतीचा धर्म तोच पत्नीचा असे गृहीत धरता आले नाही, हे या प्रकरणाचे सार आहे. पतीला थांबावे लागले. पत्नीला विचार करू द्यावा लागला. ट्रेंटच्या परिषदेने विवाहाच्या दारात मागितलेली स्वतंत्र संमती येथे विवाहानंतर वीस वर्षांनी नव्याने दिली गेली. आणि हे सारे लक्ष्मीबाईंनी ज्या भाषेत सांगितले, ती पाठशाळेतील मराठी नसून स्वयंपाकघरातील, माजघरातील मराठी आहे. पतीच्या रागाचे, विसरभोळेपणाचे आणि मायेचे वर्णन त्या सारख्याच मोकळेपणाने करतात. टिळकांनी अपुरे ठेवलेले ‘ख्रिस्तायन’ त्यांनीच पुढे नेले. पतीच्या मृत्यूनंतरही चालू राहिलेला संवाद असे त्याचे वर्णन केले, तर ते अतिशयोक्त होणार नाही. वसईच्या कॅथलिक समाजाचा इतिहास याहून वेगळा आहे. तरीही ख्रिस्ती दांपत्याचा संवाद मराठीत कसा दिसतो याचा हा पुरावा त्याच्याही अभ्यासाला उपयोगी आहे.

७

विसाव्या शतकात कॅथलिक चर्चच्या स्वतःच्या भाषेतच मोठे परिवर्तन झाले. १९१७ च्या धर्मसंहितेत विवाहाचा प्रथम हेतू अपत्यांचे जनन व संगोपन हा सांगितला होता. परस्परसाहाय्य हा दुसरा. संमतीची व्याख्याही हक्काच्या परिभाषेत होती. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने ७ डिसेंबर १९६५ च्या आपल्या दस्तऐवजात विवाहाचे वर्णन जीवनाचा व प्रेमाचा निकट सहवास असे केले, आणि दांपत्यप्रेमासाठी स्वतंत्र परिच्छेद दिला. १९८३ च्या संहितेत विवाह हा समग्र जीवनाची भागीदारी ठरला. पतिपत्नी एकमेकांना देतात तो हक्क नव्हे, ती स्वतःला देतात.

याच काळात विधीची भाषाही बदलली. ४ डिसेंबर १९६३ च्या निर्णयाने लोकभाषांना उपासनेत स्थान मिळाले आणि १९६९ मध्ये विवाहाचा नवा विधी आला. १६१४ चा विधी आणि हा विधी शेजारी ठेवून पाहिले, तर व्याकरणाच्या पातळीवरचा फरक लक्षात येतो. जुन्या विधीत वाक्य धर्मगुरूचे होते. वधूवरांच्या वाट्याला त्यातले एक क्रियापद येई. नव्या विधीच्या मुख्य रूपात संपूर्ण वाक्य त्यांचे आहे. प्रश्नोत्तराचा पर्याय राहिला, पण प्राधान्य या वाक्याला मिळाले. ‘मी’ हा कर्ता, ‘तू’ हे कर्म, दोघांची नावे, आणि पुढे सुखदुःखात व आजारपणात एकनिष्ठ राहण्याचे, प्रेम करण्याचे व मान राखण्याचे वचन. जुन्या प्रश्नात प्रेम हा शब्द नव्हता. नव्या वाक्यात तो वधूवरांच्या स्वतःच्या तोंडी आला. लॅटिन पाठात येथे ‘दिलिगेरे’ हे क्रियापद आहे. त्याच्या मुळाशी निवडून घेण्याचा, मोलाचे मानण्याचा अर्थ आहे. म्हणजे हे प्रेम भावनेच्या भरतीवर सोपविलेले नाही. ते रोज करावयाच्या निवडीचे आहे. नवऱ्याचे नाव उखाण्यावाचून न घेणाऱ्या समाजातील मुलीने भर चर्चमध्ये त्याचे नाव घेऊन त्याला उद्देशून पूर्ण वाक्य बोलावे, ही लहान घटना नव्हे.

संमतीकडून संवादाकडे जाण्याचा पुढचा टप्पा विवाहाच्या तयारीचा. १९८१ च्या आपल्या पत्रात पोप जॉन पॉल दुसरे यांनी या तयारीचे दूरची, जवळची आणि तात्कालिक असे तीन टप्पे सांगितले. १९८३ च्या संहितेने ती पाळकांचे कर्तव्य ठरविली. स्पेनमध्ये फादर गाब्रिएल काल्व्हो यांच्या प्रेरणेने १९६२ मध्ये सुरू झालेल्या विवाहित जोडप्यांच्या शिबिरांची पद्धतही पुढे भारतात आली. तिच्यात पती व पत्नी आपापल्या मनातले प्रथम लिहून काढतात, वह्या बदलतात, आणि मग त्यावर बोलतात. पोप फ्रान्सिस यांनी २०१६ च्या आपल्या पत्रात तर संवादाला प्रेमाचा अभ्यास मानले : समोरच्याचे पूर्ण ऐकून घेणे, आपले मत बदलण्याची तयारी ठेवणे, आणि परवानगी, आभार व क्षमा यांचे साधे शब्द रोज वापरणे.

८

येथे वसई-अर्नाळ्याच्या संदर्भात एक नवा प्रश्न उभा राहतो. संवाद करा, असे सांगितले जाते. पण कोणत्या भाषेत? मराठीने या धर्मप्रांतात आपले स्थान मिळविले आहे. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी ‘सुवार्ता’ मासिकाचे दीर्घकाळ केलेले संपादन, २०१० मध्ये प्रसिद्ध झालेले त्यांचे ‘सुबोध बायबल’, आणि २०२० मध्ये उस्मानाबाद येथील साहित्यसंमेलनाचे त्यांना लाभलेले अध्यक्षपद, या त्या वाटचालीच्या ठळक खुणा. परंतु ही मराठी प्रमाण मराठी आहे. कादोडी, वाडवळी, किनाऱ्यावरची कोळ्यांची बोली या लिहिण्यापेक्षा बोलण्याच्या भाषा. वही उघडून मनातले लिहावयास सांगितले, की लिहिणारा प्रमाण मराठीकडे किंवा, शाळा इंग्रजी असल्यास, इंग्रजीकडे वळतो. ज्या भाषेत तो रागावतो, ज्या भाषेत त्याची आई त्याची समजूत काढीत होती, ती भाषा वहीच्या बाहेर राहते.

परवानगी, आभार आणि क्षमा या तीन शब्दांचेच पाहावे. बोलीत या भावना नाहीत असे मुळीच नाही. त्या बहुधा शब्दाऐवजी क्रियापदाच्या रूपात, स्वराच्या उतारात, किंवा ‘जेवून घे’ यासारख्या वाक्यात वावरतात. ‘क्षमा कर’ हे वाक्य घरात औपचारिक वाटते. म्हणून ते बोलले जात नाही, आणि जे बोलले जाते त्यात क्षमा आहे हे नव्या पिढीला ऐकू येत नाही. समुपदेशकाने प्रमाणभाषेतील सूत्रे शिकविण्यापूर्वी घरच्या बोलीत ही कामे कोणते शब्द करीत आले आहेत, हे समजून घेतले, तर त्याचे काम सोपे होईल. १६१४ च्या विधिग्रंथाने लोकभाषेसाठी ठेवलेल्या खिडकीमागचे तत्त्व आजही तेच आहे : जे समजले त्यालाच संमती देता येते, आणि जे आपल्या भाषेत बोलता आले तेच टिकते.

जुन्या घरातील तिसरा श्रोता, म्हणजे जाऊ, आत्या, शेजारीण, आता दूर गेला आहे. सदनिकेत दोघेच उरली आहेत, आणि पूर्वी अनेकांनी वाटून घेतलेले बोलणे आता त्या दोघांनाच करावयाचे आहे. त्यांच्या प्रेमाचे आयुष्य पुष्कळसे या बोलण्यावर अवलंबून आहे. यासाठी धर्मशास्त्र आणि मानसशास्त्र यांच्या जोडीला बोलीविज्ञानाचाही उपयोग आहे, हे या विवेचनाचे तात्पर्य. पदव्युत्तर विद्यार्थ्यांनी या टापूतील बोलींत पतिपत्नींची संबोधने, रुसवा काढण्याची वाक्ये, होकार-नकाराच्या छटा आणि लग्नातील बायकांची गाणी यांचे पद्धतशीर संकलन करावे. ही शब्दसंपत्ती ज्यांच्या तोंडी आहे त्या स्त्रिया आज वृद्ध आहेत. त्यामुळे हे काम लांबणीवर टाकण्याजोगे नाही.